हिस्टरी

"हेब्बेरळु तोरिसी," म्हणाल्या हुक्केरी डॉक्टरीणबाई,
मी अंगठा पुढं केला.
एवढं कानडी येतंच आमच्यात सगळ्यांना,
बाजारापुरतं, दुखण्यापुरतं, भांडणापुरतं.
मग मराठीत म्हणाल्या, "हिस्टरी सांगा."

कुठल्या बोटाची, वो?
दोन्ही हातांची मिळून अठ्ठावीस पेरं,
उसासारखी मोजा,
अंगठ्याला दोनच, बाकीच्यांना तीन तीन.
त्यांतली सरळ किती, ते फोटोत बघा.

चौदा वर्षं कीपिंग केलो मी, मुतग्याच्या टीमला.
व्हॅक्सिन डेपोचं मैदान, मॅटिंगची विकेट,
ग्लोव्हज एकच जोड, दोन्ही टीमना मिळून,
तळव्यात सायकलच्या ट्यूबचं ठिगळ.

ही उजवी करंगळी.
शेंड्यावर चेंडू बसला, वरची शीर तुटली.
दवाखान्यात सांगितलं, सहा आठवडे ताठ ठेव,
एकदा जरी वाकवलीस
तर पहिल्या दिवसापासनं मोजायचं.
आईनं बांबूची कांबट बांधली.
चोविसाव्या दिवशी फायनल होती.
तेव्हापासनं ती मान खाली घालून आहे,
माझ्या वतीनं.

हा डावा अंगठा.
बुडाशी खोगिरासारखा सांधा असतो म्हणालात,
एक हाड दुसऱ्यावर मांडी टाकून बसतं,
म्हणून अंगठा चारी बोटांच्या घरी जाऊन येतो.
माझा चुलता टांगा हाकायचा, स्टेशन ते कॅम्प.
खोगीर झिजलं की घोड्याला आधी कळतं, म्हणायचा.
खरं माझा मोडला तो त्याच्या वरचा सांधा,
आतला बंध फाटला, अंगठा बाहेर पडला
रुसलेल्या जावयासारखा.
पुढं उद्यमबागेत एकतीस वर्षं लेथवर,
चकची चावी मुठीनं फिरवत काढली.
आता घराच्या कुलपाचीसुद्धा मुठीनंच.

आणि हे करंगळीच्या शेजारचं.
याला धड नावही नाही दिलं कुणी, अनामिका म्हणतात.
लेगच्या बाहेर पडलेला चेंडू, मी आडवा गेलो,
मधला सांधा निखळून बोट जिन्यासारखं झालं.
दस्तगीर मकानदार टाकत होता.
रनअपच्या खुणेवरनं परत आला,
बोट हातात घेतलं,
"तो बघ, झाडावर माकड," म्हणाला.
मी बघितलो.
खट्.
बुटाच्या नाडीनं दोन बोटं एकत्र बांधली
आणि ओव्हर पुरी केली त्यानं.

लग्नात अंगठी तिथंच अडली,
हलग्याचा अख्खा मांडव वाकून बघायला लागला,
शेवटी कुणीतरी अंगाचा साबण आणला.

मग बाईंनी कागद दिला,
"चिमटीत धरा, मी ओढते, सोडू नका."
ओढला. सुटला.
परत एकदा. सुटला.
मी म्हटलं, आवळून धरायची सवयच नाही, वो.
चेंडू धरायला गेलं की उडतो.
येऊ द्यायचा असतो,
आणि तो येतायेता हात जरासे मागं घ्यायचे.
त्या लिहीत होत्या.

दस्तगीर गेला, रमजानला आठवडा राहिला होता.
तीन मुठी माती द्यायची असते, रांगेत उभारलो.
ओंजळ मिटेना.
फटींतनं निम्मी माती माझ्याच पायांवर,
मागच्या पोराला वाटलं, म्हातारा रडायलाय.
त्याच्या बॉलिंगवर माझ्याकडनं बाय गेले असतील
पाचपंचवीस.
त्याला विचारला असतात तर शंभर म्हणाला असता.

अंगठ्याचं करा काय ते, म्हटलं,
करंगळीचंही बघा जमलं तर.
ते मधलं तेवढं सरळ करू नका.
"ते तसंही होणार नाही आता," म्हणाल्या,
आणि चिठ्ठीवर लिहिलं:
गरम पाण्यात मीठ, सकाळ-रात्र,
मऊ चेंडू दाबणे, दहा वेळा.

मऊ चेंडू.
बाहेर आलो तर चप्पल घालून कंपाउंडर विचारतोय,
पैसे मोजता येतील का, की मी मोजू?